सरकारची उधारी, बाईच्या वहीत

किराणा दुकानातली उधारीची वही आपण सगळ्यांनीच पाहिलेली आहे. आमच्या तालुक्यातल्या एका गावात अशा वहीच्या एका पानावर वर एका बाईचे नाव आहे आणि खाली मटकी, तूरडाळ, तेल, गूळ, शेंगदाणे, तिखट-मीठ अशी पाच महिन्यांची यादी. हा माल त्या बाईच्या घरात शिजलेला नाही. तो गावच्या अंगणवाडीतल्या २५ मुलांच्या पोटात गेला आहे. अंगणवाडी सरकारची, योजना सरकारची, मुलांना आहार देण्याची कायदेशीर जबाबदारी सरकारची. उधारी मात्र त्या बाईची. कारण पानाच्या वर 'महाराष्ट्र शासन' असे लिहून कोणी दुकानदार छटाकभर तेलही देणार नाही. शासनाची पत काय आहे हे त्याला पक्के ठाऊक आहे, आणि बाईची पत काय आहे हेही. ती गावातच राहते, रोज दुकानावरून जाते, आणि तिला लाज आहे.

मी समाजकार्यात पदव्युत्तर शिक्षण घेऊन धाराशिव जिल्ह्यात, म्हणजे २०२३ पर्यंतच्या उस्मानाबाद जिल्ह्यात, बायकांच्या बचत गटांबरोबर काम करते. अंगणवाडीच्या ताज्या गरम आहाराचे काम या गटाने घ्यावे म्हणून बैठकीत तासभर बोलले ती मीच. गावातल्या लेकरांसाठी गावातल्याच बायकांनी शिजवायचे, गटाला चार पैसे, बायकांना मान, मध्ये कंत्राटदार नाही. कॉलेजात शिकलेला 'सक्षमीकरण' हा शब्दही मी त्या दिवशी वापरला असणार. गटाच्या अध्यक्ष आक्का, वय साठीच्या आसपास, सगळे ऐकून एवढेच म्हणाल्या, "ते समदं खरं, पर पैसं कवा मिळतील ते सांगा." मी म्हणाले, महिन्याच्या महिन्याला बिल निघेल. हे मी कशाच्या आधारावर म्हणाले ते आज मला सांगता येणार नाही.

एप्रिलमध्ये करारनामा झाला. स्टॅम्प पेपर गटाने आपल्या पैशाने आणला. गटाने काय काय करायचे याची कलमे त्यात भरपूर होती: धान्य निवडलेले असावे, स्वयंपाक स्वच्छ जागेत करावा, चव आधी मोठ्या माणसाने घ्यावी, नोंदवही रोज भरावी. आहारात एकही दिवस खंड पडता कामा नये. पडला तर काम काढून घेतले जाईल. यातले बहुतेक योग्यच आहे. पैशाबद्दल मात्र एकच ओळ होती. अनुदान उपलब्ध होईल त्याप्रमाणे देयक अदा करण्यात येईल.

या ओळीपाशी मी तुम्हाला थांबवणार आहे, कारण आमच्यापैकी कोणीच तिथे थांबले नव्हते. बायकांनी अंगठे आणि सह्या केल्या. मी साक्षीदार म्हणून सही केली. 'उपलब्ध होईल त्याप्रमाणे' याचा अर्थ असा की काम पूर्ण वर्षाचे बांधून घेतलेले आहे, पण त्या वर्षाचा पैसा कोणाच्याही हातात नाही. तो तुकड्यातुकड्याने येईल. एक तुकडा संपून दुसरा येईपर्यंत मधले जे दिवस आहेत त्यांचा खर्च कोण करणार याबद्दल करारनामा गप्प आहे. गप्प असला तरी उत्तर त्यात आहेच, कारण खंड पडता कामा नये असे दुसरे कलम सांगते. दोन्ही कलमे शेजारी ठेवून वाचली की अर्थ निघतो: मधले दिवस बायकांनी भागवायचे.

एप्रिल ते ऑगस्टचे पैसे सप्टेंबरच्या शेवटी आले. त्यानंतर जानेवारी संपेपर्यंत आणि अर्धा फेब्रुवारी उलटेपर्यंत काही आले नाही. हिशोब साधा आहे. तीन ते सहा वर्षांच्या मुलामागे दिवसाला ८ रुपये हा खर्चाचा निकष केंद्र सरकारने २०१७ मध्ये ठरवला आणि पुढे वर्षानुवर्षे तोच ठेवला; या ८ रुपयांत मुलाला ५०० उष्मांक आणि १२ ते १५ ग्रॅम प्रथिने मिळावीत अशी अपेक्षा होती. (दिल्लीत हा निकष ठरवणाऱ्या किंवा त्यावर सही करणाऱ्या कोणी ८ रुपयांत काय येते ते कधी पाहिले असेल का, हा वेगळा विषय आहे.) २५ मुले म्हणजे दिवसाचे २०० रुपये. महिन्याचे २५ दिवस धरले तर ५,००० रुपये. सप्टेंबर ते जानेवारी, पाच महिने, २५,००० रुपये.

मंत्रालयात २५,००० रुपये हा आकडा नव्हेच. पण ज्या दहा बायकांच्या गटात चौघींना स्वतःची जमीन नाही आणि तिघी नवऱ्याने टाकलेल्या आहेत, तिथे तो काय असतो ते पाहा. गटाची स्वतःची बचत पहिल्या दोन महिन्यांत संपली. मग दुकान. दुकानदार वाईट माणूस नाही. पण उधारीवर तो किलोमागे दोन रुपये जास्त लावतो आणि डाळ त्याच्या मर्जीची घ्यावी लागते. डिसेंबरमध्ये त्याने आक्कांच्या मुलाला चारचौघांत हटकले. त्या रात्री मुलगा आईला काय बोलला ते आक्कांनी मला सांगितले नाही, सुनेने सांगितले. जानेवारीत गटातल्या एकीने फायनान्सवाल्याकडून कर्ज उचलले. कारण घरात सांगितले शेळीचे. शेळी आलीच नाही, त्या पैशातून मटकी आणि तेल आले.

आता या दोन हप्त्यांकडे बघा. फायनान्सचा हप्ता दर मंगळवारी सकाळी नऊला. वसुलीवाला मुलगा मोटारसायकलवरून येतो, गटातल्या सगळ्या बाया एका ओट्यावर बसतात, आणि एकीचे पैसे कमी पडले तर बाकीच्यांनी भरेपर्यंत कोणी उठायचे नाही. घरात मयत झालेली असली तरी मंगळवार चुकत नाही. दुसरा हप्ता सरकारचा. त्याला वार नाही, तारीख नाही, किती येईल याचा आकडा नाही, आणि तो आला नाही म्हणून कोणत्याही साहेबाला कोणाच्या ओट्यावर बसावे लागत नाही. दोन्हींना मराठीत शब्द एकच, हप्ता. बाईला द्यायचा असतो तेव्हा तो ठरलेल्या दिवशी, आणि तिला यायचा असतो तेव्हा उपलब्ध होईल त्याप्रमाणे.

व्याजही मांडून पाहू. शेकडा २ रुपये महिना, म्हणजे गावात फारच माफक म्हणावा असा दर धरला आणि प्रत्येक महिन्याचे बिल त्या महिन्याच्या अखेरीस देणे होते असे मानले, तर पाचव्या महिन्याच्या अखेरीला नुसते व्याजच १,००० रुपये होते. २५ मुलांचा पाच दिवसांचा आहार. हे पाच दिवस सरकारने खाल्ले. बायकांनी सरकारला बिनव्याजी कर्ज दिले आणि त्याचे व्याज स्वतः भरले. आपल्याकडे बचत गटांना कर्ज देण्याच्या योजनांच्या मोठमोठ्या जाहिराती लागतात. बचत गट सरकारला कर्ज देतात याची जाहिरात मी अजून पाहिलेली नाही.

तालुक्याच्या कचेरीत आम्ही सहा वेळा गेलो. कचेरीचे नाव मी देत नाही, कारण दोष त्या एका टेबलाचा नाही आणि तिथला बाबू खोटे बोलत नव्हता. तो म्हणाला, "मॅडम, ग्रँटच आली नाही. आली की पहिलं बिल तुमचं." तेच वाक्य त्याने आमच्यासमोर आणखी दोन गटांना ऐकवले. मुख्यसेविका बाई म्हणाल्या, "मी काय करू? माझा प्रवासभत्ता दीड वर्ष झालं निघालेला नाही." म्हणजे कचेरीतसुद्धा उधारी आहे, फक्त त्यांना दर महिन्याला पगार आहे. फेब्रुवारीच्या मध्याला ग्रँट आली ती तालुक्याच्या एकूण देण्यापेक्षा पुष्कळ कमी. सगळ्या गटांना थोडी थोडी वाटली. आमच्या गटाला दीड महिन्याचे पैसे मिळाले. ते तसेच दुकानदाराकडे गेले आणि वहीत फक्त खालचा आकडा बदलला.

हा पैसा अडतो कुठे हे शोधायला मी दोन महिने घातले. समाजकार्याच्या अभ्यासक्रमात आम्हाला समुपदेशन शिकवले, समुदाय संघटन शिकवले, कोषागार कसा चालतो हे शिकवले नाही. शिकवायला हवे होते. अंगणवाडीच्या पूरक आहाराचा खर्च महाराष्ट्रात केंद्राने निम्मा आणि राज्याने निम्मा करायचा असतो. केंद्रीय अर्थ मंत्रालयाच्या व्यय विभागाने २३ मार्च २०२१ रोजी केंद्र पुरस्कृत योजनांसाठी नियम केला की वर्षाची रक्कम एकदम द्यायची नाही. एका वेळी जास्तीत जास्त २५ टक्के. पुढचे २५ टक्के केव्हा? राज्याने आपला वाटा घातल्यावर, आणि आधी दिलेल्या पैशांपैकी निदान ७५ टक्के खर्च झाल्यावर. हा खर्च राज्याचा धरला जातो, एका तालुक्याचा नाही. म्हणजे दुसऱ्या कोणत्या जिल्ह्यात पैसा खात्यात पडून राहिला, कोणी हिशोब पाठवला नाही, तरी आमच्या गावची मटकी अडू शकते. आक्कांना मी हे समजावून सांगितले तेव्हा त्या म्हणाल्या, "मंजी दुसरीच्या घरी भाकरी शिल्लक हाय म्हनून आमची चूल बंद?" यापेक्षा नेमके मला सांगता आले नसते.

नियमामागे कारण होते, ते लपवण्यात अर्थ नाही. खात्यांच्या बँक खात्यांत कोट्यवधी रुपये पडून राहत, त्यावर व्याज साचे, आणि खर्च दाखवला जाई. सरकारी पैसा असा निजून राहू नये हे आपल्यालाही मान्य आहे. नंतर काही योजनांसाठी आणखी नवी पद्धत आली, तिचे नाव 'स्पर्श'. त्या अक्षरांच्या विस्तारात 'समयोचित' आणि 'शीघ्र' हे दोन्ही शब्द आहेत. पण सगळ्यात बोलकी गोष्ट पुढेच आहे. केंद्राने पाठवलेला पैसा राज्याने ३० दिवसांच्या आत पुढच्या खात्यात टाकला नाही, तर १ एप्रिल २०२३ पासून राज्याला वर्षाला ७ टक्के दराने व्याज भरावे लागते. म्हणजे उशीर झाला की कोणाचे तरी नुकसान होते, आणि ते व्याजाने भरून द्यायला हवे, हे दिल्लीला समजते. सरकारने सरकारचे पैसे अडवले तर व्याज आहे. सरकारने बाईचे पैसे अडवले तर नाही. साखळी बाईपर्यंत पोचता पोचता ते कलम कुठे गळून पडले?

इतरांसाठी ते गळलेले नाही. २००६ च्या सूक्ष्म, लघु व मध्यम उद्योगांच्या कायद्यात छोट्या उद्योगाचे पैसे फार तर ४५ दिवसांत दिले पाहिजेत असे आहे. नाही दिले तर रिझर्व्ह बँकेच्या बँक दराच्या तिप्पट व्याज, तेही महिन्याच्या चक्रवाढीने. २००५ च्या रोजगार हमी कायद्यात मजुरी १५ दिवसांत मिळाली नाही तर सोळाव्या दिवसापासून रोज ०.०५ टक्के भरपाई लिहिलेली होती. ती किती जणींना खरेच मिळाली हे आपण जाणतो, पण लिहिलेली होती आणि त्या ओळीवर बोट ठेवून मोर्चे काढता येत होते. अमेरिकेत १९८२ च्या कायद्याने सरकारी खात्याने बिल वेळेत दिले नाही तर व्याज आपोआप लागते, मागावे लागत नाही. तिथेही सरकार मोठी कामे तुकड्यातुकड्याने पैसे घालून करून घेते. पण अशा कामांच्या करारात निधीच्या मर्यादेचे एक कलम असते: जेवढा पैसा कामावर टाकला आहे त्यापलीकडे खर्च करण्याचे बंधन काम घेणाऱ्यावर नाही. येत्या ६० दिवसांत टाकलेल्या रकमेच्या ७५ टक्क्यांपलीकडे खर्च जाणार असे दिसले की त्याने सरकारला लेखी कळवायचे. वाढीव पैसे आले नाहीत तर तो थांबू शकतो. विमाने आणि बोटी बांधणाऱ्या कंपन्यांना हे संरक्षण आहे. मटकीची उसळ करणाऱ्या बाईला खंड पडता कामा नये.

आपल्याकडच्या मोठ्या कंत्राटदारांचेही पैसे थकतात, हे मला माहीत आहे. २०२५ मध्ये राज्यातल्या कंत्राटदारांच्या संघटनांनी सुमारे ८९ हजार कोटी रुपये थकल्याचा दावा केला, धरणे धरले, कामे बंद केली. पहिल्या पानावर बातम्या आल्या. त्यांच्यातल्या छोट्यांचे हाल मी नाकारत नाही. पण कंत्राटदार काम बंद करतो तेव्हा काय होते? जलजीवनची पाइपलाइन अर्धी पुरलेली राहते. २०१९ मध्ये सुरू झालेल्या या योजनेत २०२४ पर्यंत घरोघर नळ यायचा होता, मग ती मुदत २०२८ केली. तोवर हंडा कोणाच्या डोक्यावर आहे? म्हणजे कंत्राटदाराचा हप्ता थकला तरी फटका बाईला, आणि बाईचाच हप्ता थकला तरी फटका बाईला. फरक इतकाच की कंत्राटदाराला थांबता येते.

आणि बाई का थांबत नाही? फेब्रुवारीतल्या बैठकीत मी हाच प्रश्न टाकला. म्हटले, उद्यापासून चूल बंद ठेवा, लेखी कळवा, बघू कोण काय करते. बराच वेळ कोणी बोलेना. मग स्वयंपाक करणारी बाई म्हणाली, "ताई, धा वाजता लेकरं ताटली घिऊन बसत्यात. त्यातलं एक माज्या नणंदंचं हाय. त्येला म्या काय सांगू, गिरँट आली न्हाई?" मैत्रिणींनो, सरकारचे सगळे अंदाजपत्रक या एका वाक्यावर उभे आहे. बाई लेकराला उपाशी ठेवणार नाही, याची सरकारला पुरेपूर खात्री आहे, आणि त्या खात्रीवरच ते आपला पैसा अडवून ठेवू शकते. घरात नवरा दारूत पैसे उडवतो आणि तरी ताटात भाकरी येईल हे गृहीत धरतो, तेव्हा त्याला आपण शोषण म्हणतो, त्यावर शिबिरे घेतो. सरकार तेच करते तेव्हा त्याला लोकसहभाग का म्हणायचे?

इथे आपल्या चळवळीलाही दोन शब्द ऐकवले पाहिजेत. २००१ मध्ये भुकेच्या प्रश्नावर पी.यू.सी.एल.ने सर्वोच्च न्यायालयात याचिका केली. तिच्यात ७ ऑक्टोबर २००४ च्या आदेशाने न्यायालयाने सांगितले की अंगणवाडीच्या आहारात कंत्राटदार नकोत. शक्यतो गावातले लोक, बचत गट, महिला मंडळे यांच्या हातून काम व्हावे. तो फार मोठा विजय होता. तरी महाराष्ट्रात घरी न्यायच्या आहारासाठी २०१६ मध्ये अशा अटींचे टेंडर निघाले की छोटे गट आपोआप बाहेर पडावेत. वैष्णोराणी महिला बचत गट न्यायालयात गेला आणि २६ फेब्रुवारी २०१९ रोजी सर्वोच्च न्यायालयाने ते टेंडर रद्द केले. हेही आपण साजरे केले, करायलाच हवे होते. पण कंत्राटदार घालवताना आपण एक गोष्ट पाहिली नाही. कंत्राटदाराकडे भांडवल असते. तो सहा महिने सरकारचे पैसे थकले तरी तग धरतो, आणि पुढे टक्केवारीतून वसूल करतो. सरकारच्या उशिराचा भार तो पेलत होता, आणि त्याची किंमत मुलांच्या ताटातून घेत होता. तो गेला. उशीर मात्र राहिला. तो कोणी पेलायचा? आपण काम बायकांच्या हाती मागितले, भांडवल मागितले नाही.

काही मैत्रिणी म्हणतात, बायकांनी कंत्राटे घ्यावीच कशाला? सरकारने त्यांना नोकरीवर घ्यावे, पगार द्यावा, धान्य सरकारने आणावे. तत्त्व म्हणून मला ते पटते. पण ज्या दिवशी ते होईल त्या दिवसापर्यंत ही वही भरतच जाणार आहे, आणि माझ्यापुढे प्रश्न या वहीचा आहे.

दुसरा आक्षेप असा की हप्त्याशिवाय सरकारी पैसा देताच येत नाही. आगाऊ दिला तर खाल्ला जाईल. हप्त्याशी माझे भांडण नाही. याच जिल्ह्याने हप्त्याने दिलेला पैसा नीट चाललेलाही पाहिला आहे. ३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटे भूकंप झाला तेव्हा मी दोन वर्षांची होते, त्यामुळे हे मी उमरगा-लोहारा भागातल्या थोरल्या बायकांकडून ऐकलेले सांगते. जागतिक बँकेच्या साहाय्याने जो पुनर्वसनाचा कार्यक्रम झाला, त्यात घरे दुरुस्त आणि मजबूत करून घेण्याचे काम घरमालकांवरच सोपवले होते आणि मदत टप्प्याटप्प्याने मिळत होती. गावोगाव बायकांना संवाद साहाय्यक म्हणून नेमले होते. किती काम झाले की किती पैसे, हे घरमालकाला आधी माहीत असे, आणि आले नाहीत तर विचारायला गावातच एक बाई असे. त्याही कामात घोटाळे आणि हेलपाटे होते, थोरल्या बायका ते मीठमसाला लावून सांगतात. पण टप्पा कामाचा होता. काम झाले की हप्ता. आमच्या गटाचे काम तर रोज होते, रोज वहीत चढते, आणि तरी हप्ता कामावर ठरत नाही. वर कोणाच्या तरी खात्यात किती शिल्लक आहे यावर ठरतो.

आणि आगाऊ पैसे देता येत नाहीत हे तर खरेच नाही. 'मुख्यमंत्री माझी लाडकी बहीण' योजनेचे जुलै आणि ऑगस्ट २०२४ चे मिळून ३,००० रुपये रक्षाबंधनाच्या आधी खात्यांत येऊ लागले. त्याच वर्षी विधानसभेची निवडणूक तोंडावर असताना ऑक्टोबर आणि नोव्हेंबरचे हप्ते आगाऊ दिले. ते पैसे बायकांच्या उपयोगाला आले, आमच्या गटातल्या बहुतेकींना मिळाले, आणि त्यांना नाके मुरडणाऱ्या शहरी लोकांचा मला राग येतो. पण मग कोषागाराला तारीख पाळता येते ना? मनात आले तर आधीही देता येतात ना? ओवाळणी वेळेआधी आणि कामाचा दाम पाच महिने उशिरा, असे का? कारण ओवाळणी घेणारी बाई मतदार आहे आणि ती बहीण म्हणून हात पुढे करते. दाम मागणारी बाई हिशोब घेऊन येते. आक्कांनी लाडक्या बहिणीचे पैसे काय केले माहीत आहे? त्यातले निम्मे दुकानदाराला दिले. सरकारने एका हाताने दिलेली भेट सरकारचीच उधारी फेडायला गेली.

माझ्याबद्दलही एक गोष्ट सांगून टाकते, नाहीतर हा लेख खोटा होईल. माझे स्वतःचे मानधन ज्या प्रकल्पातून येते तोही हप्त्याहप्त्याने चालतो आणि गेल्या वर्षी मला चार महिने काही मिळाले नाही. तेव्हा मी संस्थेत मोठ्या आवाजात बोलले. पण माझ्या घरी दुसरा पगार आहे, मला दुकानात वही ठेवावी लागली नाही. त्या चार महिन्यांतही मी गटांच्या बैठकांना जाऊन 'थोडा धीर धरा' असे सांगत होते. धीर धरणे कोणाला किती रुपयांना पडते हे मी तेव्हा मोजले नव्हते.

मार्चमध्ये गटाने ठरवले ते असे. चूल बंद करायची नाही, ते लेकरांचे आहे. पण नवा करारनामा जसाच्या तसा सही करायचा नाही. एक महिन्याचा आहारखर्च सुरुवातीलाच गटाच्या खात्यात, खेळते भांडवल म्हणून. महिन्याचे बिल दिल्यापासून १५ दिवसांत पैसे, त्यानंतर व्याज, आणि दर निदान तोच जो दिल्ली मुंबईकडून घेते. 'अनुदान उपलब्ध होईल त्याप्रमाणे' ही ओळ काढायची, किंवा तिच्याखाली दुसरी लिहायची: पैसे न आल्यामुळे आहार थांबला तर जबाबदारी गटाची नाही. २०१३ च्या अन्न सुरक्षा कायद्याच्या कलम ८ मध्ये, हक्काचे जेवण पुरवले नाही तर राज्य सरकारने अन्न सुरक्षा भत्ता द्यायचा आहे. तो भत्ता बायकांच्या नाही, सरकारच्या खिशातून यायला हवा. शिवाय तालुक्याला किती ग्रँट आली, कोणत्या गटाला किती दिली, कोणाचे किती राहिले, हे कचेरीबाहेर फळ्यावर लिहायचे. आमच्या गटाची 'उद्यम' नोंदणीही आम्ही करतो आहोत. शिजवलेले अन्न ४५ दिवसांच्या कायद्यात बसते की नाही यावर वाद घातला जाईल. होऊ दे वाद. निदान कागदावर होईल.

हे निवेदन द्यायला आम्ही अकरा जणी गेलो. बाबूने आधी आवक शिक्का द्यायला नकार दिला, म्हणाला, "यात व्याज वगैरे लिहिलंय, ते काढा, मग घेतो." आक्का म्हणाल्या, "सायेब, तुमी घिऊ नगा. आमी हितंच बसतो, आज मंगळवार हाय, आमाला बसायची सवं हाय." दोन तासांनी शिक्का मिळाला. उरलेले पैसे आले ते ३१ मार्चच्या रात्री, पुन्हा पूर्ण नाही, आणि नव्या वर्षाच्या करारनाम्यात ती ओळ अजून तशीच आहे. गटाने त्यावर सही केलेली नाही; आहार जुन्या पत्रावर चालू आहे आणि कचेरी रोज फोन करते.

दरम्यान गटाच्या रजिस्टरमध्ये एक नवे पान उघडले आहे. वर 'महाराष्ट्र शासन, येणे बाकी' असे आक्कांच्या सुनेने ठसठशीत अक्षरात लिहिले आहे. खाली तारीख, मुलांची संख्या, रक्कम, उशिराचे दिवस आणि व्याज असे पाच रकाने. तुमच्या भागात आहाराची, शाळेच्या खिचडीची, गणवेश शिलाईची किंवा दुसरी कोणती सरकारी कामे करणाऱ्या गटांनी असे पान सुरू केले, तर त्याची एक नक्कल आमच्या अंकाच्या पत्त्यावर पाठवा. गावाचे नाव आणि थकलेले महिने तेवढे नीट वाचता येतील असे लिहा. पावसाळी अधिवेशनाच्या आधी आम्हाला ती सगळी पाने एकत्र बांधायची आहेत.